आधी बोला, मग जवळ या

मी सहावीपर्यंत शिकले. सातवीच्या वर्षी आई वारली, घरात भाकऱ्या थापायला कुणी नव्हतं, तेव्हा शाळा सुटली ती सुटलीच. धारवाडच्या एका शिक्षिका बाईंनी माझं शुद्धलेखन तपासून दिलंय, पण मजकूर माझा आहे. त्या म्हणाल्या, "थोडं गोड करून लिहा, लोक वाचतील." मला ते जमलं नाही. आजारपण गोड नव्हतं आणि माणसंही गोड नव्हती. जी होती ती पुढे येतील. फार नाहीत.

माझा आजार असा, की मला तोंडावरून माणूस ओळखू येत नाही. नजर चांगली आहे. सुईत दोरा ओवते, तांदळातला खडा मला आधी दिसतो. समोरच्याचे डोळे, नाक, ओठ सगळं जागच्या जागी दिसतं, फक्त हे कोण ते कळत नाही. मग तो नवरा असो, भाऊ असो, नाहीतर आरशातली मी असो.

मी नाशिककडची, निफाडजवळच्या एका खेड्यातली. लग्न होऊन हुबळीला आले तेव्हा दुकानांवरच्या पाट्या कन्नडमध्ये. गोल, सुबक, जिलब्या मांडून ठेवल्यासारखी अक्षरं. एकेक अक्षर स्पष्ट दिसायचं आणि वाचता एकही यायचं नाही. पुढे माणसांची तोंडं तशी झाली. याहून चांगलं मला सांगता येत नाही. कन्नड मी नंतर शिकले. तोंडं शिकता आली नाहीत.

तुमच्या घरात असं कुणी असेल, किंवा तुम्हालाच असं झालं असेल आणि लोक सोंगाडी म्हणत असतील, तर हे तुमच्यासाठी.

तहान

आणीबाणी उठली त्या उन्हाळ्यात मी बाळंत झाले. पहिलं बाळंतपण माहेरी, अशी रीत. माझ्या माहेरी आई नाही, दादाचं लग्न झालेलं नाही, त्यामुळे ते सासूवर पडलं. सासूला आम्ही आत्याबाई म्हणायचो. त्यांनी पहिल्याच दिवशी ऐकवलं, "आईविना पोरगी करून आणली, त्याचं हे. तिच्या आईचं काम माझ्या कमरेवर आलं की."

खिडक्या बंद केलेली खोली, बाजेखाली शेगडी, कानाला फडकं, आणि बाहेर वैशाख. त्यात पाणी बंद. "आमच्यात बाळंतिणीला पाणी देत नाहीत. पोट सुटतंय, लेकराला पडसं होतंय." दिवसाकाठी एक फुलपात्र ओव्याचं पाणी, तेही उकळून अर्धं केलेलं. बाकी कोरडी भाकरी, लसणाची चटणी, डिंकाचा लाडू. लाडू तोंडात नुसता फिरायचा, घशाखाली उतरायचा नाही. माझी थोरली जाऊ, तिला सगळे अक्का म्हणतात, वीस दिवस आधी अळणावरला तिच्या माहेरी बाळंत झाली होती. तिलाही असंच ठेवलं होतं आणि ती धडधाकट होती. मग मी कोणत्या तोंडानं मागणार?

मी भित्री. मागितलं नाही. अंघोळीच्या वेळी चूळ भरायला पाणी मिळायचं, त्यातला एक घोट गिळायचे आणि चोरी केल्यासारखी धडधड व्हायची.

इथं एक सांगितलंच पाहिजे. याच बाईनं माझं अंग रोज तेलानं चोळलं, माझी घाण काढली, पोराला शेक दिला. माझ्या आईनं केलं असतं त्यातलं एक काम कमी केलं नाही. उपकार खरे होते आणि तहानही खरी होती.

दहाव्या दिवशी डोकं दुखायला लागलं, कुणी आतून कुऱ्हाड घालतंय असं. "बाळंतिणीचं डोकं दुखतंच," आत्याबाई म्हणाल्या आणि फडकं आणखी आवळलं. बाराव्या दिवशी बारसं होतं. पाळणा सजवला होता, बायका जमल्या होत्या. मला बाहेर आणायला, बारशासाठी माहेराहून आलेली अक्का आत आली आणि मी तिच्या अंगावरच झटके येऊन पडले. पोराचं नाव ठेवायचं राहिलं. मला रिक्षात घालून मोठ्या दवाखान्यात नेलं.

चार वाजताची भीती

मी जागी झाले तेव्हा उजवा हात जड होता, जीभ अडखळत होती. ते दोन्ही पुढे बरं झालं, म्हणून त्याबद्दल लिहीत नाही.

एक माणूस खाटेवर येऊन बसला आणि त्यानं माझा हात हातात घेतला. परका पुरुष! मी हात ओढून घेतला आणि ओरडले, "कोण तुम्ही? उठा आधी." वॉर्डातल्या सगळ्या बायका वळून बघायला लागल्या. तो माणूस म्हणाला, "अगं, मी." आवाज माझ्या नवऱ्याचा. परक्या तोंडातून नवऱ्याचा आवाज येतो म्हणजे काय, ते ज्याला आलंय त्यालाच कळेल. मला वाटलं मी मेले, आणि हे मेल्यानंतरचं काहीतरी आहे.

दवाखान्याचा दिवस ठरलेला असायचा. सकाळी फिनेलचा वास, मग थर्मामीटर, दहाला डॉक्टरांची फेरी, दुपारी पातळ सार आणि भात. तोवर मला बरं वाटायचं, कारण तिथं कुणी आपलं नसतं, कुणाला ओळखायचं नसतं. चार वाजता भेटायला येणाऱ्यांना सोडायचे. साडेतीनपासून मी दाराकडे कान लावून बसायचे. पायांचे आवाज येणार, खाटेभोवती तोंडं उभी राहणार आणि सगळ्यात आधी तोच प्रश्न, "ओळखलंस काय गं?" आजाऱ्याला हा प्रश्न का विचारतात कुणास ठाऊक. मी अंदाजानं काहीतरी म्हणायचे. चुकायचं. मग खाटेच्या पायथ्याशी कुजबुज. "बाहेरचं आहे," "कामं चुकवायची आहेत," "पोराचीसुद्धा ओढ नाही बघ."

पोर घरी होतं. त्याला अक्का पाजत होती, स्वतःच्या मुलाबरोबर. एकोणीस दिवस तिनं दोघांना पाजलं. हे मी विसरलेले नाही. तिलाही ते कुणाला विसरू द्यायचं नव्हतं.

वॉर्डात एक आया होती, गंगक्का. काळी, ठेंगणी, तोंडात सदा पान. पहिल्या दिवशी मी तिला तीनदा "तुम्ही कोण?" विचारलं. चौथ्यांदा तिनंच लांबून आवाज दिला, "नान् गंगक्का, तंगी." मी गंगक्का, बहिणी. त्यानंतर ती एकदाही न सांगता आली नाही. दिवसातून वीस वेळा आली तर वीस वेळा नाव. तिला कुणी शिकवलं नव्हतं. तिनं नुसतं बघितलं की ही घाबरते आणि नाव सांगितलं की घाबरत नाही. येताना ती पाण्याचा तांब्या आणायची आणि मी संपवेपर्यंत उभी राहायची. "कुडी, कुडी. अंजब्याड." पी, घाबरू नको.

डोळे मिटून आवाज लक्षात ठेवायला तिनंच शिकवलं. चाल बघ म्हणाली, पाय बघ, बांगड्या बघ. "तोंड काय, खोटं बोलतंय. पाय खोटं बोलत नाहीत," असं तिच्या तोडक्या मराठीत.

तीन पांढरे कोट

डॉक्टर तरुण होते, नुकतेच बदलून आलेले. त्यांनी माझी नजर तपासली, चित्रं दाखवली. किल्ली, छत्री, गाय, मी सगळं बरोबर सांगितलं. मग एक दिवस सकाळीच त्यांनी घरच्यांना बोलावलं. माझ्या खाटेसमोर तीन पुरुष उभे केले, तिघांच्या अंगावर पांढरे कोट, पाय दिसू नयेत म्हणून पुढे बाक. तिघांना सांगितलं, बोलायचं नाही, हलायचं नाही.

"यातला तुमचा माणूस कोण?"

 नवऱ्याचं नाव न घेणाऱ्या बाईला भर वॉर्डात नवरा निवडायला सांगतात! मी तिन्ही तोंडं नीट बघितली. डावीकडचा हसू दाबत होता. मधला शांत होता. उजवीकडच्याचा जबडा आवळलेला, कपाळावर शीर. मला वाटलं, आपला माणूस आपल्यावर एवढा रागावेल कशाला? मी मधल्याकडे बोट दाखवलं.

तो कंपाउंडर होता. वॉर्डात खसखस पिकली. उजवीकडच्यानं कोट काढून बाकावर फेकला आणि तो बाहेर निघून गेला. चालताना ओळखला मी, डाव्या खांद्यात जरा झुकणारा. तोच. राग मला स्पष्ट दिसला होता. राग कुणाचा, ते दिसलं नव्हतं.

डॉक्टर हसले नाहीत. हे मी त्यांचे उपकार समजते. त्यांनी सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं, "ही वेडी नाही. सोंग करत नाही. डोक्यातली जी जागा तोंडं ओळखते तिला मार बसलाय."

"बरं होईल?" मी विचारलं.

"हात बरा होईल. बोलणं सुधारेल. हे होईलच असं मी सांगणार नाही. याच्यासकट राहायला शिका."

मग ते आत्याबाईंकडे वळले. "पाणी किती देत होता?"

"आमच्यात देत नाहीत बाळंतिणीला."

डॉक्टरांचा आवाज चढला. "या उन्हात? अहो, रक्त घट्ट होतं, गाठ बसते. पाण्यानंच हे झालं असं मी लिहून देणार नाही, पण तहानलेल्या बाईला पाणी तोडणं बंद करा. जनावराला तरी पाजता की नाही?"

वॉर्डातल्या पंधरा-वीस बायकांसमोर.  आत्याबाई पदर तोंडाला लावून उभ्या राहिल्या. मला तेव्हा, खरं सांगते, बरं वाटलं. त्या बरं वाटण्याची किंमत पुढे मोजली. कारण त्या दिवसापासून आत्याबाई माझ्याशी बोलायच्या बंद झाल्या.

घर

आवाजावरून माणूस ओळखणाऱ्या बाईशी न बोलणं म्हणजे काय, ते आत्याबाईंना बरोबर कळलं होतं. बाकी सगळ्यांशी बोलायच्या. मी असेन तिथं आवाज बंद. गप्प आत यायच्या, गप्प मागे उभ्या राहायच्या. घरातली बाई का शेजारची, मला कळायचं नाही. मी विचारलं, "कोण?" की तेवढ्यापुरतं अक्काकडे वळून म्हणायच्या, "बघ, घरच्या माणसाला कोण म्हणतेय."

थोरल्या पुरुषांसमोर डोक्यावर पदर घ्यायचा, हे आमच्यात कडक. सासरे कोण, दीर कोण, कळायला मार्ग नव्हता. चुकण्यापेक्षा मी सगळ्यांनाच पदर घ्यायला लागले. धोतर दिसलं की पदर, विजार दिसली की पदर. एकदा कुणीतरी दारात उभा दिसला, मी पदर ओढून वाकून नमस्कारच केला. तो बिचारा किटली सावरत मागे सरकला. समोरच्या ओसरीवरून हाक आली, "दूधवाल्यालाही सासरा केलीस काय गं?" पुढे महिनाभर गल्लीतली पोरं दूधवाला आला की ओरडायची, "मामंजी आले, मामंजी आले!"

नवरा दाजीबानपेठेत एका कापडाच्या दुकानात होता. गिऱ्हाईक दोन वर्षांनी आलं तरी "या पाटील, मागल्या खेपेस पातळ नेलं होतं" असं म्हणणारा माणूस. तोंडं लक्षात ठेवणं हाच त्याचा धंदा, आणि बायको अशी. दुकानात त्याला विचारायचे, "काय, आज घरी ओळखलं काय?" तो मला उलटून बोलला नाही आणि माझ्या बाजूनंही बोलला नाही. पण अंगणात शिरताना सायकलची घंटा दोनदा वाजवायला लागला. सांगितलं नाही, नुसती वाजवायला लागला. माणूस तेवढाच होता आणि तेवढाच मिळाला, पण ती घंटा ऐकली की माझा जीव भांड्यात पडायचा.

आता पोराचं. घरात दोन बाळं, वीस दिवसांच्या अंतरानं, दोन्ही मुलगे, एकाच कापडाची झबली. मी माझ्या मुलाला रडण्यावरून ओळखायचे, पण झोपलेलं मूल रडत नाही. एकदा दुपारी मी दाराकडे पाठ करून पाजत बसले होते. मागून हसू ऐकू आलं. अक्का आणि शेजारच्या दोघीजणी.

"सांगू नका गं, बघू कळतंय काय," अक्का म्हणाली.

"काय झालं?"

"काही नाही, माझ्याला पाजालीस. पाज की, मी नाही काय तुझ्याला पाजलं?"

त्यांनी पाळण्यातली बाळं बदलली होती. गंमत म्हणून. माझं स्वतःचं मूल पलीकडे भुकेलं झोपलं होतं आणि मी दुसऱ्याच्या मुलाच्या डोक्यावरून हात फिरवत, त्याला माझा राजा म्हणत बसले होते. त्या दिवशी मी मोरीत जाऊन स्वतःच्या तोंडात मारून घेतल्या. मग डोळे पुसले आणि माझ्या पोराचं अंग नखापासून शेंडीपर्यंत बघून काढलं. उजवा कान जिथं गालाला चिकटतो तिथं सुईच्या टोकाएवढं छिद्र सापडलं. अक्काच्या मुलाला ते नव्हतं. तेव्हापासून मी चोरून ते छिद्र बघायचे, कुणी बघत नाही असं पाहून. एवढं उघडपणे करायचीही लाज वाटायची.

कुंकू

नवरात्रातल्या शुक्रवारी आमच्याकडे हळदीकुंकू असतं. बायका भिंतीला पाठ लावून ओळीनं बसल्या होत्या. करंडा माझ्या हातात दिला होता. माझी रीत ठरलेली, तोंडाकडे बघायचंच नाही. कपाळ आणि मनगट बघायचं. कुंकू आणि हिरव्या बांगड्या दिसल्या की बोट टेकवायचं.

कोपऱ्यात शेजारच्या शांतव्वा बसायच्या. त्या विधवा होत्या, पण घरच्याच, अशा दिवशी पुढे येत नसत, कोपऱ्यात प्रसादासाठी बसत. अंगावर नेहमी गर्द रंगाचं इरकल लुगडं. मी कोपऱ्यापर्यंत आले. गर्द इरकल, हात पदराखाली, कपाळ कोरं. मी करंडा मागे घेतला, हात जोडले आणि पुढच्या बाईकडे वळले.



"नवरा ओसरीवर बसलाय माझा," आवाज आला. "जिता."

आत्याबाई होत्या. चुलीपुढच्या घामानं कुंकू पुसलं गेलं होतं, दमून कोपऱ्यात टेकल्या होत्या, आणि शांतव्वा त्या दिवशी आल्याच नव्हत्या. पाच महिन्यांत आत्याबाई माझ्याशी बोलल्या ते हे पहिलं वाक्य.

मी पायांवर पडले. त्यांनी पाय काढून घेतले. भरल्या हळदीकुंकवात सुनेनं सासूला विधवा केली, ही गोष्ट दोन दिवसांत दुर्गदबैलच्या बाजारापर्यंत गेली. मला ओळखता येत नाही, हे कुणी धरलंच नाही. सगळ्यांनी धरलं की मी मुद्दाम केलं. आत्याबाईंनी धरलं की दवाखान्यातल्या बोलण्याचा मी सूड घेतला.

तिसऱ्या दिवशी ठरलं. हिला माहेरी पोचवा. पोर इथंच राहील. अक्काचं दूध आहेच.

चुलीशी बोलले

दिवाळी झाल्यावर दादा मला न्यायला आला. घरून गेलेल्या पत्रात काय लिहिलं होतं कुणास ठाऊक, येताना दोघांची परतीची तिकिटं काढूनच आला होता. दुसऱ्या दिवशी ओसरीवर बैठक बसली. धारवाडहून सासऱ्यांचे चुलतभाऊ आले होते, वकील, घरातली भांडणं तेच मिटवायचे.

वकीलकाका समजूतदारपणे बोलत होते आणि तेच जास्त भीतीचं होतं. "दादासाहेब, रागानं नाही सांगत. जत्रेत, बाजारात हिच्या हातातून मूल गेलं आणि कुणी दुसरं आणून दिलं, तर हिला कळणार आहे काय? मुलाच्या भल्याचं बघायला पाहिजे की नको?"

दादा खेडवळ माणूस. "बरोबर आहे तुमचं," म्हणाला. "पण आईपासून लेकरू..."

"तुझं काय म्हणणं?" काकांनी माझ्या नवऱ्याला विचारलं.

"आई म्हणेल तसं."

मी दाराआड उभी होते.  मला कळलं की आता कुणी माझ्या बाजूनं बोलणार नाही, आणि संध्याकाळच्या गाडीला मी रिकाम्या हातानं बसणार. मी स्वयंपाकघरात गेले.

तिथं दोघी उभ्या होत्या, आत्याबाई आणि अक्का. दोघी एका चणीच्या, दोघींच्या डोक्यावर पदर, हात पदराखाली, दोघी गप्प. कोणती कोण, मला कळेना. ज्या बाईला धमकी द्यायची तीच ओळखू येत नाही! शेवटी मी चुलीकडे तोंड केलं आणि चुलीशी बोलले.

"आत्याबाई, तुम्ही माझं सगळं केलंत, ते मी मरेपर्यंत विसरणार नाही. पण डॉक्टर तुम्हाला काय बोलले ते दादाला माहीत नाही. वकीलकाकांना माहीत नाही. पोर माझ्याजवळ राहिलं तर तुम्ही असेपर्यंत माझ्या तोंडून ते निघणार नाही. नाही राहिलं तर आत्ता बाहेर जाऊन सगळ्यांसमोर सांगते."

डावीकडच्या बाईचा हात कट्ट्याला लागला आणि पातेलं हललं.

"पाणी पायजे होतं तर मागायचं नव्हतंस?" ती म्हणाली.

"मागितलं असतं तर दिलं असतंत?"

त्यांनी हललेलं पातेलं नीट बसवलं. मग, "नसतं दिलं," त्या म्हणाल्या. "मला कुणी दिलं होतं?"

त्या बाहेर गेल्या. ओसरीवर त्यांचा आवाज ऐकू आला, नेहमीसारखा कडक, "राहू दे तिला इथंच. लेकराला आई लागते. तुमचं पुरुषांचं काय जातंय बोलायला." वकीलकाका काहीतरी म्हणायला गेले, त्यांना त्यांनी बोलू दिलं नाही. मग पाळण्याकडे गेल्या, एक बाळ उचललं, मला बाहेर बोलावलं आणि माझ्या ओच्यात टाकलं. "घे. तुझाच आहे."

मी तिथंच, सासरे, काका, दादा, नवरा, अक्का सगळ्यांसमोर, बाळाचं टोपडं काढलं, त्याचं डोकं उजेडाकडे वळवलं आणि कान बघितला.

"तपासालीस?" आत्याबाई म्हणाल्या.

"हो. रोज तपासते. आता सगळ्यांसमोर तपासणार."

माझाच होता.

मी शब्द पाळला. आमचं पुढेही जमलं नाही. दहा वर्षं एका चुलीवर शिजवलं आणि त्या वर्षांत मोजकीच वाक्यं बोललो. पुढच्या उन्हाळ्यात नणंद बाळंतपणाला आली, तिच्या बाजेशेजारी पाण्यानं भरलेला तांब्या असायचा. कुणी ठेवला ते मी विचारलं नाही. आत्याबाई गेल्या वर्षी गेल्या, म्हणून आज लिहिते. दादा हे वाचेल तेव्हा त्याला पहिल्यांदा कळेल. दादा, रागावू नकोस. त्या वेळी मला न्यायापेक्षा पोर पाहिजे होतं.

असं कुणी तुमच्या घरात असेल तर परीक्षा घेऊ नका. "ओळखलंस का" विचारू नका. लांबूनच नाव सांगा. आणि तुम्हीच तसे असाल तर लपवू नका. सहा महिने मी चुका झाकल्या, खुणा चोरून बघितल्या, त्या सहा महिन्यांत जेवढं सोसलं तेवढं नंतर कधीच नाही.

स्टेशन

दादाला सोडायला मी पोराला कडेवर घेऊन स्टेशनवर गेले. जाऊ दिलं, एवढ्यावरूनच कळलं की घरात काहीतरी बदललंय. दादा एकटाच चढला. त्यानं खिडकी धरली आणि बोलायला लागला. माझं काय आहे ते त्याला मी आदल्या दिवशी समजावून सांगितलं होतं, ते त्यानं मनावर घेतलं होतं. द्राक्षाचं बोलला, विहिरीचं बोलला, गायीचं बोलला, मध्येच म्हणाला, "मी दादा बरं का, मीच आहे." आजूबाजूची माणसं बघत होती, त्याला पर्वा नव्हती. गाडी हलली तरी बोलत होता, मोठमोठ्यानं, डोकं बाहेर काढून.

मग इंजिनाच्या आवाजात त्याचा आवाज बुडाला. दहा-बारा खिडक्यांतून हात हलत होते आणि प्रत्येक हातामागे एक तोंड होतं. त्यातलं दादाचं कोणतं ते मला कळेना. मी पोराकडे बघितलं. ते एकाच खिडकीकडे टक लावून बघत होतं, मान हळूहळू गाडीबरोबर वळवत.

मी त्याच्या नजरेच्या रोखानं हात केला आणि शेवटचा डबा जाईपर्यंत हलवत राहिले.